आडवा हरिबा

दिंद्रुडच्या भर बाजारात हरिबा धनगराला त्याच्याच एडक्यानं मागून धडक देऊन चिखलात आडवं पाडलं, तेव्हापासून त्याच्या गावात, सिरसाळ्यात, त्याचं नाव 'आडवा हरिबा' पडलं. लोकांना दुसरा उद्योग काय? तीन महिने तो बाजारपेठ टाळून मागच्या बोळानं जात होता. बायको मनकर्णा म्हणायची, "तोंड लपवाया तुमी काय चोरी केली हाय?"

निजामाच्या राज्यात तेव्हा मुक्या चित्रांचे तंबू गावोगाव फिरू लागले होते. सिरसाळ्यात त्रिंबक नावाच्या तंबूवाल्यानं तंबू ठोकला. पडद्याशेजारी उभं राहून चित्र समजावून सांगणाराही तोच, आणि नेमका त्याचाच घसा बसला. मनकर्णानं ओढून आणलं म्हणून हरिबा मागं, तोंडावर घोंगडं घेऊन बसला होता.

पडद्यावर एक ढेरपोट्या परदेशी फौजदार साबणाच्या पाण्यावरून घसरला. तंबू चिडीचूप. हसणार कोण? पुढ्यातच पोलिसातला धर्मराज जवान वर्दी घालून बसलेला. वर्दीला हसलं की चावडीवर हजेरी, हे शेंबड्या पोरालाही ठाऊक. फौजदार पिठाच्या पिंपात बुडाला, तरी सगळे मयतीला बसल्यासारखे. त्रिंबकनं कपाळाला हात लावला. उद्या तंबूत कुत्रंही फिरकणार नव्हतं.

मग फौजदार टोपी उचलायला वाकला आणि मागून एक एडका आला. तो दोन पावलं मागं सरला. लोकांना वाटलं, भ्याला. हरिबाला मात्र राहवेना. तो उठलाच.

"भ्याला न्हाई, आता देतोय बगा. दिंद्रुडला मी बी असाच मुंडासं उचलाया वाकलोतो."

धडक बसली. फौजदार हौदात.

"ह्यो सायेब न्हाई बे," हरिबा म्हणाला, "ह्यो मी हाय."

वर्दीला हसायची बंदी होती. हरिबाला हसायची साऱ्या गावाला सनद होती. असा हशा उठला की कनाती हालल्या. धर्मराज जवान तर पोट धरून शेजाऱ्याच्या मांडीवर कोसळला. हरिबा पडद्याशेजारी गेला आणि फौजदाराची प्रत्येक आपटी आपल्या नावावर घेत सुटला. "बगा, परत पडलो." ज्या नावानं तीन महिने काळीज कुरतडलं, त्याच नावानं आज त्याचा ऊर भरून आला.

सकाळी त्रिंबकनं दवंडी पिटवली, "आज तंबूत आडवा हरिबा बोलनार हो." हरिबा कोरं मुंडासं बांधून बाजारपेठेच्या मधोमध निघाला, मागं मनकर्णा, मान ताठ.

"आडव्या हरिबा, आज किती बारी पडनार?" कुणीतरी विचारलं.

"तुमी हसाल तितक्या बारी," हरिबा म्हणाला आणि चालत राहिला.