पाठमोऱ्या आईचा आवाज

भिंतींना गाद्या टेकवल्या, पंखा बंद केला आणि आतून कडी घातली की अक्कांच्या घराची मागची खोली स्टुडिओ व्हायची. परदेशी सिनेमांत थोरला मुलगा विनापरवाना हिंदी आवाज भरून ते विकायचा. नायिका सूनबाई बोलायची. सासवा, राण्या, चेटकिणी आणि मरायला टेकलेल्या आया सगळ्या अक्कांच्या वाट्याच्या. शाळा दुसरीतच सुटलेली, म्हणून मुलगा वाक्य वाचून दाखवी आणि अक्का पडद्यावरचे ओठ बघून ते फेकत. एकदा ऐकलं की पाठ.

या धंद्याची एक रीत होती. पात्र पाठमोरं झालं की रान मोकळं. तोंड दिसत नाही, भरा काय भरायचं ते. एका सिनेमात मुलगा लढाईवर निघतो आणि आई त्याच्याकडे पाठ करून चुलीशी उभी राहते. मुळात ती गप्पच होती. अक्कांना बघवेना.

"बाई आहे की खांब? पोरगं मरायला चाललंय!" म्हणत त्यांनी पदरचं वाक्य घातलं, "जा, लेकिन खाके जा. भूखे पेट गुस्सा भी ठीक से नहीं आता."

ते लोकांच्या तोंडी बसलं आणि तेच अंगाशी आलं. खऱ्या कंपनीनं रीतसर हिंदी सिनेमा आणला, तर त्यात आई गप्प! लोक तिकिटाचे पैसे परत मागायला लागले. कंपनीचा वकील माग काढत अक्कांच्या बैठकीच्या खोलीत येऊन बसला. त्यानं मोबाईलवर ते वाक्य वाजवलं.

"हा आवाज इथलाच ना?"

"छे हो, आम्ही नेटवरून आयतंच उतरवून घेतलं," मुलगा म्हणाला. "कोण बाई आहे, कुणास ठाऊक."

"बाई कसली, मशीन असेल," सूनबाईनं जोड दिली. "हल्ली मशीनच रडतं, मशीनच हसतं."

वकिलानं कागद आवरले. "मशीन असेल तर हे इथेच झालं असं सिद्ध करायला माझ्या हाती काहीच नाही."

मुलानं सुटकेचा निःश्वास टाकला. अक्का कोपऱ्यात धान्य निवडत होत्या. आता फक्त गप्प बसायचं होतं, की घर वाचलं. त्यांनी सूप खाली ठेवलं.

"बसा खाली. मशीनला कधी पोरं झालीत?"

"अक्का!" मुलगा ओरडला.

अक्कांनी वकिलाच्या डोळ्यांत डोळे घालून ते वाक्य म्हटलं. वकील उठता उठता बसला. कागद पुन्हा उघडत म्हणाला, "आई, आता नोटीस तुमच्या नावानं निघेल. खोली बंद करावी लागेल."

"करू की."

"अगं, धंदा बुडाला!" मुलानं कपाळाला हात लावला.

"बुडू दे. जिच्या आवाजावर जेवलास तिला मशीन म्हणतोस? आणि सूनबाई, तू हसू नकोस, तुझी नायिका सर्दी झाल्यासारखी बोलते." मग त्या वकिलाकडे वळल्या. "लिहा हो. माझं पूर्ण नाव घाला. आणि हा एकच सिनेमा नाही, एकेचाळीस आहेत. सांगते, सगळे लिहून घ्या."