लोटलेलं दार

"दार लोटलेलंच आहे रे. आत जा आधी, बोलणं मागाहून."

पाणीवाल्याने लांबलचक लोखंडी चावी भिंतीला टेकवली आणि पोट धरून तो मावशीच्या संडासाकडे धावला. तेव्हा पाणी हातानं सोडावं लागे, आणि गल्लीचा व्हॉल्व्ह मावशीच्या दाराशीच होता. नळ वाहू लागले की याच्या पोटात कळ उठायची. गल्ली हसायची, "काडीपैलवान, तुझ्या पोटाइतका जोर आमच्या नळाला असता तर!"

मावशी नात्याची नव्हती. एकटीच राहायची. पण पहाटे उठून त्याच्यासाठी कडी काढून ठेवायची, खुंटीला धुतलेला टॉवेल लावायची. तो बाहेर आला की हातावर ताज्या पावाचा जाड, गरम काप ठेवायची. "पोट रितं झालं. आधार नको?"

तिच्या हातांना पिठाचा वास, त्याच्या हातांना लोखंडाचा. अशी कितीतरी वर्षं गेली. पोट फुगत राहिलं, अंग झडत राहिलं.

शेवटी एका डॉक्टरीणबाईंनी रक्त तपासलं, नळी घालून आतडं पाहिलं. "सीलिअ‍ॅक आहे. तुमच्या आतड्याला गहू सोसत नाही. कणभरही खायचा नाही, जन्मभर."

"मावशींना सांगून टाका," बायको म्हणाली.

"काय सांगू? तुम्ही मायेनं घातलंत तेच बाधलं म्हणून? तो पाव ती माझ्यासाठीच भाजते गं. तिला तर चावतही नाही."

दुसऱ्या दिवशी त्याने काप फडक्यात बांधून घेतला. "घरी बायकोबरोबर खातो, मावशी."

"अगबाई, आणि मी मेली एकच देत होते."

तेव्हापासून दोन काप मिळू लागले. बायको ते बाहेर पायरीवर बसून खायची, कपडे झटकून, हात धुऊन मगच आत यायची. म्हणायची, "पथ्य तुमचं, आणि जाड होतेय मी."

हळूहळू पोट निवलं. आता धावायची गरज उरली नव्हती. पण कडी काढलेली असायची, टॉवेल धुतलेला असायचा. मग तो आत जायचा, उगाच दोन तांबे पाणी ओतायचा आणि बाहेर यायचा.

"अंग धरलंस हो," मावशी एकदा त्याला न्याहाळत म्हणाली.

"तुमच्या पावाची पुण्याई."

मावशी पोरीसारखी लाजली.

ती गेली, त्याच्या दुसऱ्या सकाळी दाराला कुलूप होतं. पाणीवाल्याने व्हॉल्व्ह उघडला आणि चावी मांडीवर घेऊन तिच्या पायरीवर बसला. बादल्या भरल्या, पिंपं भरली, तरी त्या दिवशी गल्लीत पाणी वाहतच राहिलं. कुणी त्याला हाक मारली नाही.