रविवारी या, साहेब

माझ्या पोरीला नटी व्हायचं होतं, तर आधी पोलिसांत जाऊन कार्ड काढावं लागलं. साओ पाउलोत तेव्हा तशी रीतच होती. एकच खिडकी, एकच रांग. पुढे रस्त्यावर उभ्या राहणाऱ्या बायका, मागे नाटकात काम करणाऱ्या. झोराइद सतरा वर्षांची, म्हणून आईची सही लागत होती. खिडकीतल्या कारकुनाने मला वरून खाली पाहिलं नि म्हणाला, "दोघींना काढायचंय का?"

"मला नवं कशाला?" मी म्हणाले. "तुझ्या आईचं जुनं पडलेलं असेल, तेच दे."

रांगेतल्या बायका खो खो हसल्या. झोराइद कानाशी पुटपुटली, "आई, गप्प बस ना, शिक्का तर मारू दे आधी."

घरी आल्यावर मी तिच्या एक थोबाडीत दिली, आणि दुसऱ्या दिवशी तिचा पहिला पोशाख कापायला घेतला. आमच्या ब्रास वस्तीत माझ्यासारखी शिंपीण नव्हती, हे माझे वैरीसुद्धा कबूल करतील. नवरा कापडगिरणीत खोकून खोकून गेला, पोर एकटीने वाढवली. ती तंबूतल्या सर्कशीबरोबर गावोगाव हिंडली. आधी घोड्याच्या कसरती, मग त्याच मातीत दुःखी राण्यांची नाटकं. पंचविशीत शहरातल्या चांगल्या मंडळीत आली. तिशीत तिचं नाव पाटीवर सगळ्यांत वर लागलं. प्रत्येक पोशाख माझ्या हातचा. ती रंगमंचावर, मी पडद्याआड खुर्चीवर सुई घेऊन. लोक तिला टाळ्या द्यायचे, त्यातल्या अर्ध्या मी मनातल्या मनात माझ्या पदरात पाडून घ्यायची.

सत्तर साली तिची मंडळी बिशिगा वस्तीतल्या एका लहानशा थिएटरात खेळ करत होती. नाटक बसवणारा लाउरो, लग्नाशिवायचा माझा जावई. सडपातळ, विसरभोळा, चपला उलट्या घालणारा. मी त्याला तोंडावर म्हणायची, "तुझ्यापेक्षा माझी कात्री जास्त कमावते." तो म्हणायचा, "सासूबाई, म्हणून तर मी कात्रीच्या घरात राहतो."

नाटक एका धोबिणीचं होतं. जमीनदाराची माणसं तिचा मुलगा उचलून नेतात, आणि ती त्याचं निदान प्रेत तरी द्या म्हणून वाड्यावर जाते. सैनिकांचं राज्य होतं, सरकारी माणसाने संहितेवर लाल पेन्सिल फिरवलेली होती. वाड्याच्या दारातलं तिचं भाषण, अकरा ओळी, पार उडवलं होतं. ते बोलायचं नाही. झोराइद बोलायचीच नाही. त्या जागी यायची, थांबायची, आणि अकरा ओळी म्हणायला जेवढा वेळ लागेल तेवढा वेळ समोरच्या लोकांकडे बघत राहायची. हात धुण्याने सुजलेले, ओले. कुणी खोकायचं नाही. मग कुठेतरी एक बाई हुंदका द्यायची, आणि सगळं थिएटर. त्या बायकांपैकी किती जणींचा मुलगा, भाऊ घरी आलेला नव्हता, कुणास ठाऊक. तोंडातून शब्द नाही, तर पकडणार काय?

पाच आठवडे चाललं. मग कुणा बड्या घरच्या बाईने तक्रार केली आणि हुकूम आला: गुरुवारी सकाळी दहाला सेन्सॉरचे साहेब येतील, रिकाम्या थिएटरात खेळ दाखवायचा. त्यांनी पुन्हा शिक्का मारला तर नाटक चालेल, नाही मारला तर त्याच दिवशी बंद.

अशा खेळात कसं काम करायचं, हे त्या वेळच्या सगळ्या नाटकवाल्यांना पाठ होतं. वाईट करायचं. मुद्दाम. पुटपुटायचं, जांभया आवरायच्या, रडायच्या जागी नाक ओढायचं. साहेबाला कंटाळा आला पाहिजे. कंटाळलेला माणूस शिक्का मारतो आणि जेवायला जातो. लाउरोने सकाळीच बजावलं, "आज सगळ्यांनी लाकडं व्हायचं. आणि सासूबाई, तुम्ही लाकडाचं लाकूड."

साहेब आला. पन्नाशीचा, सर्दी झालेला, हातात चौकड्यांचा रुमाल. तिसऱ्या रांगेत बसला. मी दोन खुर्च्या सोडून. पाहुणा म्हटल्यावर मी थर्मासातली कॉफी नि घरचा मक्याचा केक पुढे केला. त्याने घेतला. "छान झालाय, बाई," म्हणाला. सभ्य होता. तेच वाईट झालं. उर्मट असता तर मी तोंड शिवून बसले असते.

खेळ सुरू झाला. काय सांगू! नाटकभर माझी पोर एखादी बाई कांदे आणायला निघावी तशी चालली. वाड्याच्या दाराशी आली, थांबलीसुद्धा नाही, भुर्रकन पुढे. मला माहीत होतं हे सोंग आहे. माहीत असूनही बघवत नव्हतं. वीस वर्षांची मेहनत, माझे डोळे गेले त्या टाक्यांवर, आणि समोर हे लाकूड.

साहेबाने नाक पुसलं, माझ्याकडे वळला. "ही मधली कोण?"

"माझी मुलगी."

"अच्छा." केकचे कण झटकत म्हणाला, "राग मानू नका, बाई. दुकानात काउंटरवर शोभली असती. नाव मोठं ऐकलं होतं, पण आहे आपली बेताची."

शिक्का त्याच्या मांडीवरच्या बॅगेत होता. मी गप्प बसले असते तर तो पाच मिनिटांत कागदावर उतरला असता. हे मला तेव्हाही कळत होतं. मला कळत नव्हतं असं कुणी म्हणू नये.

"बेताची?" मी म्हणाले. "साहेब, आज हिचं बघूच नका. आज हे सगळे मुद्दाम करताहेत. रविवारी या, दुपारच्या खेळाला. त्या दाराशी ही उभी राहते, एक शब्द बोलत नाही, आणि अख्खं थिएटर रडतं. तुम्हीही रडाल. नाही रडलात तर माझं नाव इदालिना नाही."

त्याने रुमाल घडी करून खिशात ठेवला. "असं? रविवारी?" म्हणाला. "मग यायलाच हवं."

आणि शिक्का मारला. तो गेल्यावर लाउरोने मला उचलून गरगर फिरवलं. "सासूबाई, तुमच्या केकने वाचवलं!" मीही हसले. केकनेच, म्हणाले.

त्या साहेबाने मला मुद्दाम डिवचलं की सर्दीच्या त्रासात सहज बोलून गेला, हे मला आजतागायत कळलेलं नाही.

रविवारी तो आला. दारावर ओस्मार होता, थिएटरचा राखणदार. तिकिटं फाडायचा, खुर्च्या पुसायचा, दोन घोट जास्त झाले की मागच्या रांगेत घोरायचा. साहेबाने त्याला मुतारी कुठे म्हणून विचारलं, ओस्मारने खांद्यावर हात ठेवून वाट दाखवली, काहीतरी विनोद केला, दोघं हसले. हे चार-पाच जणांनी पाहिलं. मी पडद्याआडून साहेबाला पाहिलं. झोराइदला सांगायला वेळ होता. दहा मिनिटं तरी होती. पण मला वाटलं, बघू दे त्याला. एकदा बघू दे.

झोराइद त्या दिवशी जशी उभी राहिली तशी पुन्हा कधी राहिली नाही. संपल्यावर लोक उठले, टाळ्या वाजवत राहिले, आणि दोन्ही दारांतून पोलीस आत आले. भर दुपार. चौघांना नेलं. तिच्या अंगात धोबिणीचाच पोशाख होता, माझ्या हातचा.

अकराव्या दिवशी ती परत आली. उजव्या कानाने तिला ऐकू येत नाही आता. आणखी काय काय झालं ते तिने सांगितलं नाही, मी विचारलं नाही. दोघं नट महिन्याने सुटले. लाउरो सुटला नाही. आम्ही तीन वर्षं कचेऱ्या धुंडाळल्या. धोबिणीसारखं आम्हाला प्रेतही दिलं नाही कुणी.

नाटकवाल्यांना मग प्रश्न पडला, रविवारचं सांगितलं कोणी? गुरुवारी शिक्का मारून गेलेला माणूस परत का आला? कुणाला तरी ओस्मारचा हात आठवला, त्या माणसाच्या खांद्यावरचा. कुणाला हसणं आठवलं. झालं. त्याला थिएटरातून काढलं, दुसऱ्या कुठल्या थिएटरने दारात उभं केलं नाही. त्याच्या भिंतीवर कुणी चुन्याने 'कुत्रा' लिहिलं.

एकदा माझ्याकडे आला होता. टोपी हातात. "इदालिनाबाई, तुमचा शब्द मानतात सगळे. तुम्ही सांगा ना त्यांना. मी नाही बोललो काही."

"माझं कोण ऐकतंय, ओस्मार," मी म्हणाले, आणि त्याला भात नि काळा घेवडा वाढला. त्याने ताट पुसून खाल्लं. मला वाटलं, जेवू घातलं म्हणजे काहीतरी फिटलं. बाई किती लबाड असू शकते स्वतःशी!

झोराइद परत रंगमंचावर गेली नाही. टीव्हीवर गेली. संध्याकाळच्या मालिकांमधून श्रीमंत सासवा, दुष्ट मालकिणी. चोवीस वर्षांत चौदा मालिका. काम बरं असतं. बेताचं. लोकांना फार आवडतं. बाजारात भाजीवाल्या माझी बाही ओढतात, "काय हो, तुमची मुलगी त्या आंधळ्या पोरीला किती छळते! सांगा की तिला!" मी म्हणते, "सांगते, आधी तो कोबी नीट तोल."

या हिवाळ्यात ओस्मार वारला. आणि तीन महिन्यांनी टीव्हीवर त्या काळच्या आठवणींचा कार्यक्रम लागला. झोराइदला बोलावलं होतं. विचारणारी पोरगी तिशीची, लिपस्टिक लावलेली. म्हणाली, "तुमच्याच दारवानाने तुम्हाला पकडून दिलं, नाही का?" कॅमेरा माझ्या मुलीच्या तोंडावर गेला. तिने मान खाली घातली. 'हो' नाही म्हणाली, 'नाही' नाही म्हणाली. पोरगी पुढच्या प्रश्नाकडे वळली.

दुसऱ्या दिवशी जेवायच्या आधी, ती ओट्याशी भाजी परतत होती. मी तिच्या डाव्या बाजूला जाऊन उभी राहिले.

"तो ओस्मार नव्हता," मी म्हणाले.

"मीठ दे."

"झोराइद, मी काय म्हणते? ओस्मारने नव्हतं सांगितलं."

"माहीत आहे, आई."

"काय माहीत आहे?"

"भाजी जळतेय, हो बाजूला."

"जळू दे! काय माहीत आहे तुला?"

तिने गॅस बंद केला. "तिसऱ्या दिवशी तो कोठडीत आला होता. रुमालवाला. म्हणाला, तुमच्या आईचे आभार माना, त्यांनी सांगितलं नसतं तर एवढं चांगलं काम बघायचं राहिलं असतं. केकचंही कौतुक केलं."

मी स्टुलावर बसले. "चोवीस वर्षं?"

"मग काय करायला हवं होतं? लाउरोच्या बहिणीला सांगायचं? ती सुरी घेऊन आली असती तुझ्या दारात."

"आणि ओस्मार?"

"ओस्मारबद्दल मी तोंडातून एक शब्द काढलेला नाही."

"तेच तर. काढला नाहीस."

"तू काढलास?"

क्षणभर मला बरं वाटलं. आहे ते आहे. मला वाटलं, पोरीने मला निवडलं. मग तिच्याकडे पाहिलं. ती भाजीवर झाकण ठेवत होती, व्यवस्थित, कडा जुळवून, आणि मला दिसलं की तिने कुणालाच निवडलेलं नव्हतं. त्या अकरा दिवसांत तिच्यात काही निवडणारं उरलंच नव्हतं.

"मी त्याच्या बायकोकडे जाणार," मी म्हणाले.

"नको जाऊस. तो मेलाय. त्याला काय त्याचं?"

"त्याला नसेल."

"मालिका चालू आहे माझी. पेपरवाले दारात बसतील. तू अठ्ठ्याहत्तर वर्षांची आहेस आई, थुंकतील तुझ्यावर."

"थुंकू दे. धुता येतं मला."

दोन बस बदलून गेले. त्याची बायको क्रेउझा लोकांचे कपडे इस्त्री करते, पुढच्याच खोलीत. मला ओळखलं तिने. टीव्हीवालीची आई म्हणून खुर्ची पुसून दिली. मी बसले नाही. उभ्याउभ्या सगळं सांगितलं, गुरुवारपासून. ती इस्त्री फिरवत राहिली. एका शर्टाची बाही, मग दुसरी.

"तो प्यायचा ना," शेवटी म्हणाली. "आदल्या दिवशीचं आठवायचं नाही त्याला. पहिली काही वर्षं म्हणायचा, मी नाही, मी नाही. मग विचारायला लागला, क्रेउझा, मी असेन का गं? नशेत बोललो असेन का? शेवटी त्याची खात्रीच झाली. पाद्रीकडे जाऊन कबूल करून आला. दर सोमवारी त्या लाउरोसाहेबांच्या आत्म्यासाठी मेणबत्ती लावायचा. पाऊस असला तरी."

तिने इस्त्री उभी ठेवली. तिला माझं बोलणं नकोच होतं.

"मला कशाला सांगता?" ती म्हणाली. "मी तर त्याच्याबरोबरच होते. ज्यांनी त्याला कुत्रा म्हटलं, त्यांना सांगा."

"सांगेन."

"तोंडी नको. तोंडचं कुणी ऐकत नाही. लिहून छापायला द्या. आणि 'दारवान' असं नको. त्या दिवशी टीव्हीवर नुसतं दारवान म्हणाले. पूर्ण नाव लिहा."

मी दोनच इयत्ता शिकले, त्यामुळे हे लिहायला मला सतरा दिवस लागले. झोराइदने दोनदा कागद ड्रॉवरमध्ये लपवून ठेवले, आता आठवडाभर ती माझ्याशी बोलत नाही. तिचं ताट ती स्वतःच्या खोलीत नेते. आज हे पेपरच्या कचेरीत देऊन येणार आहे. त्याचं पूर्ण नाव ओस्मार तेओदोरो बर्गामिनी. त्याने कुणालाही काही सांगितलं नव्हतं.