सातव्या ग्रीनमागचा दगडी रूळ

मी एक जुना दगडी रूळ आहे. कर्नाटकातल्या जोयडा तालुक्यात, सुप्याच्या धरणापासून थोड्याच अंतरावर काळीकाठ गोल्फ क्लब आहे. त्याच्या सातव्या ग्रीनच्या मागे, किंदळाच्या झाडाखाली मी पडलेला असतो. तुम्ही जवळ आलात, तर माझ्यावर बसायलाच आलात असे मी आधी समजेन. रागावू नका, मित्रांनो. माझा स्वभाव संशयी आहे आणि तो मला जन्माबरोबरच मिळाला आहे.

खाणीतून मला बाहेर काढले, तेव्हा घडवणाऱ्या वडाराने पहिल्यांदा मला हातोडीने ठोकून पाहिले. कान लावून आवाज ऐकला. माझ्या पोटात चीर असेल, असा त्याला संशय होता. चीर नव्हती. तरी त्याने आणखी दोनदा ठोकले. ज्याची सुरुवातच अशी झाली, त्याने दुसऱ्यावर चटकन विश्वास कसा ठेवावा? मग त्याने मला गोल केले, आरपार भोक पाडून लोखंडी कणा घातला आणि ओढण्यासाठी दांडी बसवली.

धरणाकडे जाणाऱ्या रस्त्यावर मी खडी दाबली. मला ओढायला बैलजोडी होती. ते दिवस कष्टाचे होते, पण सरळ होते. रस्ता झाला, धरण उभे राहिले, पाणी चढले आणि मी माळाच्या कडेला पडून राहिलो.

एके दिवशी काही इंजिनिअर साहेब त्या माळावर काठ्या घेऊन आले. एका लहानशा पांढऱ्या चेंडूला ते काठीने मारू लागले. मारायचे, चेंडूच्या मागोमाग चालत जायचे, पुन्हा मारायचे आणि शेवटी झेंडा रोवलेल्या खळग्यात, म्हणजे होलमध्ये, चेंडू घालायचा. ज्याचे फटके कमी, तो जिंकला. शिकली-सवरलेली माणसे दिवसभर एवढेच करतात, यावर माझा विश्वास बसेना. खेळाचे नाव सांगून ही मंडळी जमीन मोजत असणार, असे मला वाटले. आसपासच्या गावकऱ्यांनाही तसेच वाटले. धरणासाठी मोजलेली जमीन कुठे गेली, ते त्यांनी पाहिले होते. बरेच महिने लोक झाडाआडून त्या चेंडूवर नजर ठेवून होते.

पण ते खरेच खेळत होते. त्यांनी नऊ होलचे मैदान आखले. पाण्याच्या काठाने जाते म्हणून त्याला नदी कोर्स म्हणू लागले. तेव्हा होलभोवती हिरवळ नव्हती. वाळूत जुने तेल कालवून ती पसरायची आणि तिच्यावरून मला फिरवायचे, म्हणजे चेंडू सरळ घरंगळायचा. तेलाचा वास मला कधीच आवडला नाही. तरी साहेब लोक माझी पाठ थोपटत आणि "काय काम करतो हा!" म्हणत. मला कौतुकाचाही संशय येतो. पाठ थोपटून झाली की लगेच आणखी एक चक्कर मारायला लावत.

पुढे नऊचे अठरा होल झाले. वाळू गेली, गवत आले; होलभोवतीच्या त्या गुळगुळीत हिरवळीला ग्रीन म्हणतात. नदी कोर्सच्या तिसऱ्या होलपाशी चेंडू थेट धरणाच्या पाण्यात जाई, म्हणून तिथे मोठमोठे खेळाडू घाबरून खेळत. मग बारा वर्षांपूर्वी वरच्या अंगाला दुसरे मैदान झाले, रान कोर्स. ते अरुंद आहे, दोन्ही बाजूंना उंच झाडे आहेत. त्यातला सातवा होल सगळ्यात आखूड आणि सगळ्यात खट्याळ. पुढे नाला, मागे मातीचा उंच बांध, मधे ताटाएवढी वाटावी अशी ग्रीन. राज्याची अजिंक्यपद स्पर्धा इथे भरू लागली ती रान कोर्समुळेच. क्लबचे नाव वर्तमानपत्रात आले. त्याच वर्षी रुळाचे यंत्र आले आणि मला किंदळाखाली ढकलून देण्यात आले.

यंत्र चालवतो धाकलू. तो हसतमुख आहे. हसतमुख माणसांवर मी लक्ष ठेवतो. ग्रीनची बाकी सगळी कामे सात बायका करतात आणि त्यांच्यातलीच एक त्यांची मुकादम आहे: काशी, धाकलूची वहिनी. ती दिग्गीकडची, इकडे लग्न होऊन आली. गवतावर वाकून ती तण असे उपटते, की शेजारची काडी हलत नाही. इतकी हलक्या हाताची बाई मी पाहिली नव्हती. म्हणूनच मला तिचाही संशय आला.

तो कसा, ते सांगतो. गेल्या पावसाळ्यात सातव्याच्या मागचा बांध खचला. काशी आणि तिच्या बायकांनी चार दिवस लाल माती वाहून तो पुन्हा रचला. शेवटच्या दिवशी बाकीच्या पुढे गेल्या, काशी मागे थांबली. तिने इकडेतिकडे पाहिले, ओटीतून काहीतरी काढले आणि ओल्या मातीत चार-पाच ठिकाणी खोचले. वरून माती थोपटली. ओठांतल्या ओठांत काहीतरी पुटपुटली आणि हात कपाळाला लावून निघून गेली.

मी सगळे पाहिले. ही करणी आहे, असे मी मनात ठरवूनच टाकले. कोणावर, कशासाठी, ते ठाऊक नव्हते. पण लपून पुरलेली गोष्ट चांगली कशी असेल? त्यानंतर ती माझ्याजवळून गेली, की मी मनातल्या मनात अंग चोरून घ्यायचो. तिथून बांधावर वेल चढला, मागच्या कुंपणाच्या जाळीला बिलगला. दिवाळीनंतर तो वाळला. धाकलूने सुकलेला वेल कोयत्याने छाटून टाकला आणि ती जागा सगळ्यांच्या डोळ्यांआड झाली.

या जानेवारीत स्पर्धेला बारा दिवस उरले असताना सातवी ग्रीन उकरलेली सापडली. बांध फुटला होता आणि कडेची हिरवळ उलटीपालटी झाली होती. बायकांनी दिवसभर खपून ती बसवली. दुसऱ्या सकाळी पुन्हा तेच. तिसऱ्याही सकाळी तेच. स्पर्धेची मंडळी पाहणीला येणार होती. ग्रीन नीट नसेल तर स्पर्धा दुसऱ्या गावी हलवू, असा निरोप त्यांनी धाडला होता.

क्लबचे सेक्रेटरी बाबुराव हे रामनगरचे व्यापारी, मूळ खानापूरकडचे. माणूस माझ्याच जातीचा म्हणायला हवा, इतका संशयी. चौथ्या सकाळी ते आले आणि सातही बायकांना ग्रीनजवळ ओळीने उभे केले.

"ह्ये कोण केलंय, सांगा!" ते गरजले.

"माणूस न्हवं साहेब, डुक्कर हाय," धाकलू म्हणाला. "ह्ये बघा की खूर. रानडुकराचंच हैत."

"मला डुक्कर दाखवू नको. अठरा ग्रीन आहेत हितं. डुकराला हीच बरी सापडली? रोज हीच? कोणतरी आमिष टाकतंय. स्पर्धा बंद पाडायची आहे कुणालातरी." बाबुरावांनी सगळ्यांवरून नजर फिरवली. "दुपारच्या आत नाव कळलं पाहिजे. नाहीतर साती जणी उद्यापासून घरी. कंत्राटदार बाहेरची माणसं आणतो म्हणून बसलाय."

बायका एकमेकींकडे पाहू लागल्या. त्यांच्यातली केशर नावाची तरणी बाई तर रडायलाच लागली. या कामावरच त्यांची घरे उभी होती. भाताचे एक पीक झाले की बाकीचे वर्ष ग्रीनवर जायचे.

बाबुरावांचे बोलणे मला पटत होते, हे कबूल करतो. मी तर गुन्हेगाराला ओळखतही होतो! काशीकडे मी टक लावून पाहत होतो. तिची नजर खुरांवर नव्हती. ती फुटलेल्या बांधाकडे पाहत होती, मग मागच्या जाळीकडे, जिथे सुकलेल्या वेलाचा एक तुकडा अजून अडकला होता. तिचा चेहरा उतरला. आता ही मान खाली घालून गप्प बसणार, असे मी म्हटले. कोण कशाला स्वतःहून फासात मान देईल?

काशीने कुदळ उचलली. बांधापाशी गुडघे टेकले आणि हळूहळू माती बाजूला सारली. आतून तिने कोपरापासून मनगटापर्यंत लांब, मातीने माखलेला एक कंद काढला. ते कोनफळ होते. इकडे त्याला नुसते कोन म्हणतात. डुकरांना त्याचा वास लांबून लागतो.

"म्या लावलं साहेब," ती म्हणाली. "पावसात. ह्या कुणाला ठावं न्हाई. ह्यांचा काय गुना न्हाई."

"कशाला लावलीस? विकायला?"

"न्हाई साहेब. नवी माती उघडी ठिवू नये. आमच्यात तसं ठिवत न्हाईत. भुई उपाशी ऱ्हाती. काय न्हाई तर कंदाचा एक तुकडा तरी खोचत्यात आणि हात जोडत्यात."

"मग चोरून का लावलीस?"

"तुम्ही गवताबिगर काय लावू देत न्हाई म्हून." मग तिने तो कंद पदराने पुसला आणि दोन्ही हातांनी बाबुरावांपुढे धरला. "खणलं की तुमास्नीच द्यायचं हुतं. ज्येची भुई, त्येचं पयलं कोन. नंतर वेल छाटला आणि माज्या ध्यानातनंच गेलं बघा."

बाबुरावांनी कंद हातात घेतला, उलटसुलट करून पाहिला. त्यात काही डाव आहे का, ते शोधत असावेत. मीही तेच शोधत होतो. सापडले काहीच नाही. सहा महिने मी जिला चेटकीण समजत होतो, तिने मातीची ओटी भरली होती, बस्स! मला फार लाज वाटली. दगडाला घाम फुटत नाही म्हणून बरे.

पण बाबुरावांचा राग उतरला नाही. "बाकीच्या राहू देत," ते म्हणाले. "तू उद्यापासून येऊ नको."

"बरं साहेब," काशी म्हणाली. "आज ग्रीन सरळ करून जाते."

राहिलेले कंद काढून खड्डे भरले. धाकलूने यंत्र आणले, पण ओल्या भरावात त्याचे चाक रुतले. तेव्हा कुठे सगळ्यांना माझी आठवण झाली. माझ्या कण्याला तेल घातले, दांडीला दोर बांधला आणि सातही जणी मला ओढू लागल्या. काशी पुढे होती. मित्रांनो, इतक्या वर्षांनी मी जमिनीवर चाललो! मला जमीन पोटाने कळते. बांधाच्या पायथ्याशी एका जागी ती मला पोकळ लागली, मी किंचित डुललो. दुसरी कोणी असती तर तिला कळले नसते. काशीचा हात दोरावर थबकला.

"हितं अजून एक हाय," ती म्हणाली.

"असू दे की वयनी," धाकलू हळूच म्हणाला. "तुला तर घालवलंच. आता कुणासाठी खणतीस?"

"डुकराला काय ठावं मला घालवलं त्ये?" असे म्हणून तिने तोही कंद काढला, खड्डा भरला आणि मला आणखी दोनदा त्यावरून फिरवले. जाताना कुदळ धुऊन जागेवर ठेवली.

त्यानंतर डुकरे आली नाहीत. पाहणी झाली, स्पर्धा झाली. शेवटच्या दिवशी सातव्यावर एका खेळाडूने वीस पावलांवरून चेंडू मारला आणि तो कुठेही न डळमळता होलमध्ये गेला. टाळ्या पडल्या. "अशी ग्रीन कुठेच नाही," असे पाहुणे बाबुरावांना म्हणाले. बाबुराव हसले खरे, पण त्यांचे लक्ष कुंपणापलीकडे होते. तिथे काशी लाकडाची मोळी खाली ठेवून उभी होती आणि ग्रीनकडे पाहत होती. दोघांची नजरानजर झाली, तशी तिने मोळी उचलली आणि ती निघून गेली.

यंदाच्या पावसात चौथ्या होलचा बांध खचला. कंत्राटदाराच्या माणसांनी तो रचला, पंधरा दिवसांत पुन्हा खचला. पुन्हा रचला, पुन्हा खचला. तेव्हा बाबुरावांनी धाकलूला पाठवून काशीला बोलावले. ती आली. भर पावसात खोळ पांघरून दोघे बांधापाशी उभे राहिले. मला तिथवर ओढून नेले होते, म्हणून मी हे ऐकू शकलो. बाबुरावांनी खचलेल्या मातीकडे बोट दाखवले. मग म्हणाले, "हितं काय लावतीस, काशीआक्का?"

"वाळा लावते," ती म्हणाली. "डुक्कर त्येला तोंड लावत न्हाई. मुळं माती धरून ऱ्हात्यात. सातव्याला बी म्या त्येच लावलं असतं, कोण इचारलं असतं तर."

बाबुरावांनी तिला उद्यापासून कामावर यायला सांगितले. मीही त्यांच्यासारखाच गुन्हेगार होतो. तिला पुरताना पाहिले आणि पुढचे सगळे माझ्या मनाने रचले. हातची वस्तू तर माणसे जपतात, मित्रांनो. गंजू नये म्हणून मला तेल घालता, हिरवळीला पाणी देता. पण रोज आपल्याबरोबर खपणाऱ्या माणसाला जपायचे, तर त्याच्याविषयी ठरवण्याआधी त्याला विचारावे लागते. तो एक प्रश्न जानेवारीतल्या त्या सकाळी रागाशिवाय विचारला असता, तर काशी सहा महिने घरी बसली नसती. मला विचारता आले नाही, कारण मला तोंड नाही. तुम्हाला आहे.