आडवा पुरलेला गुरुलिंग

गुरुलिंग मरून दोन वर्षं झाली होती आणि निलंग्यातलं त्याचं खताचं दुकान मात्र व्यवस्थित चालू होतं.

मरण सिनेमात आलं होतं. नायगावच्या पंढरी पास्टरांनी येशूवर मराठीत सिनेमा काढला आणि दाढी-केस आयते वाढलेले दिसले म्हणून येशू केला या लिंगायत दुकानदाराला. पहिल्या भागाच्या शेवटी येशू क्रुसावर जातो, त्याला पांढऱ्या चादरीत गुंडाळून गुहेत आडवा निजवतात आणि पडद्यावर अक्षरं येतात, ‘दुसरा भाग लवकरच’. नांदेडपासून लातूरपर्यंत लोकांनी तो मोबाइलवर पाहिला, डोळे पुसले. मग रस्त्यात पास्टरांना अडवून विचारायला लागले, येशू उठणार कधी? पण पास्टरांना कॅमेरावाला मिळेना. तिसरा दिवस उजाडायला दोन वर्षं लागली.

गुरुलिंगची खरी पंचाईत घरात झाली होती. त्याच्या आईनं, सरजाबाईनं, तो सिनेमा चर्चच्या अंगणात पहिल्या रांगेत बसून पाहिला. लेक मेला हे तिनं एक वेळ सोसलं असतं. पण लिंगायताला आडवं पुरलं? यांच्यात मांडी घालून बसवून माती देतात, हातात इष्टलिंग, कपाळाला विभूती. "माझा लेक गेला, अन् धड पुरला बी न्हाई," एवढंच ती घरी येऊन सुनेला म्हणाली. पुढच्या सोमवारी तिनं लेकाच्या नावानं जंगमस्वामींना जेवायला बोलावलं. हुग्गी, म्हणजे गव्हाची खीर, वाढली ती गुरुलिंगनंच. स्वामी पोटभर जेवले, त्याला ‘शतायुषी हो’ म्हणाले आणि गेले.

तेव्हापासून म्हातारीनं लेकाशी बोलणं सोडलं. मेलेल्याशी काय बोलायचं? निरोप सून शिवगंगेमार्फत जायचे, तेही तो समोर बसलेला असताना. "दुकानवाल्याला सांग, दळण आणायचंय." दोन वर्षांत त्याला कुणी ‘गुऱ्या’ म्हणून हाक मारली नव्हती. चाळिशीचा बाप्या, पण त्या एका हाकेसाठी आतून तुटत होता. दुसऱ्या भागात आपण उठायचं, अव्वानं, म्हणजे आईनं, डोळ्यांनी बघायचं, की मिटलं, असं त्यानं मनाशी धरलं होतं.

शेवटी कॅमेरावाला सापडला. कबरीचं काम पास्टरांनी बसलिंगप्पाला दिलं, कारण लिंगायत समाजातल्या प्रत्येक मयताचा खड्डा तोच खणायचा. त्यानं जन्मभर खणला तसाच हाही खणला. उभा, खोल, आत बसायला कोनाडा.

"अहो बसलिंगप्पा, हे काय करून ठेवलं?" पास्टरांनी कपाळाला हात लावला. "पहिल्या भागात प्रभू आडवा हाय!"

"आधी उठून बसंल, मंग उभा ऱ्हाईल," बसलिंगप्पा म्हणाला. "एकदमच उभं ऱ्हातंय का कुणी?"

पास्टरांनी घड्याळ बघितलं; कॅमेरावाला चारला निघणार होता. गुरुलिंग चादर पांघरून कोनाड्यात मांडी घालून बसला. कॅमेरावाल्यानं उजेडाची जुळवाजुळव करण्यात दोन तास घालवले.

तेवढ्यात, लेकाला या खेपेला बसवलंय ही बातमी शिवगंगेकडून कळून, सरजाबाई ऑटोनं हजर झाली. कुणाला न विचारता ती खड्ड्याशी वाकली, येशूच्या कपाळावर तीन बोटं विभूती ओढली, डोक्यावर बेल ठेवला आणि हात जोडले. "आता झालं बाबा रीतीनं," ती म्हणाली. डोळे पुसून ऑटोकडे चालू लागली.

 गुरुलिंग वाट पाहत होता उठायची, आणि म्हातारीला हवं होतं नीट पुरलेलं. आता तर तो पक्काच मेला.

"ॲक्शन! ऊठ प्रभू!" पास्टर ओरडले.

गुरुलिंगनं जोर लावला. पाय बधिर. पुन्हा लावला, तरी मांडी सुटेना.

"उठत नसतेत," बसलिंगप्पा हळूच म्हणाला. "म्हणून तर असं खणतो."

"अव्वा!" गुरुलिंगनं भोकाड पसरलं. "अव्वा गं, पाय उठंनात!"

सरजाबाई जागीच थांबली. तिनं काय विचार केला तिचं तिलाच ठाऊक, पण चपला तिथंच टाकून ती खड्ड्यात उतरली आणि दोन्ही हातांनी त्याच्या पोटऱ्या चोळायला लागली. "सकाळधरनं काय खाल्लं का न्हाई? कुणी सांगितलं व्हतं रं गुऱ्या, ह्या गारठ्यात बसायला?"

येशू ओक्साबोक्शी रडला. तिच्या खांद्याला धरून, लटपटत, तो उभा राहिला. कॅमेरा चालूच होता.

"मावशी, लई झकास!" पास्टर म्हणाले. "फक्त तुम्ही बाजूला व्हा, एकदा पुन्हा घेऊ. गुरुलिंग, बसा परत."

सरजाबाईनं पदर खोचला. "खबरदार! दोन वर्सं रडले मी ह्याच्यासाठी. आता मी जिती हाय तवर माझं लेकरू मरायचं न्हाई."

आणि हाताला धरून, अंगावरच्या चादरीसकट, तिनं त्याला ऑटोत बसवलं.