तिसरा चमचा

जर्मनांचा नाताळ कधीच आटोपला होता, तेव्हा कुठे जुन्या पंचांगाप्रमाणे मेलानियाचा आला. युद्धात युक्रेनमधून जर्मनीत मजुरीला पकडून आणलेल्या दोघी, ती आणि पारास्का, गोठ्यालगतच्या खोपटात राहत. मालकाच्या टेबलाशी जेवायला परक्या मजुरांना बंदीच होती. आज ते बरंच झालं. कोंबड्यांच्या दाण्यातून मूठमूठ वाचवलेले गहू शिजले होते. सणाच्या रीतीप्रमाणे त्यात घालायला मध कुठला मिळायला? बिटाचा पाक घातला.

पहिली चांदणी दिसली तशी मेलानियानं तीन चमचे मांडले.

"तिसरा कुणाला गं?" पारास्का म्हणाली. "तुझ्या नवऱ्याला असेल तर माझ्या दोघांनाही मांड. बसतील मेले भांडत."

"ओदार्काला."

"अगं, आजचा जादा चमचा मेलेल्यांचा असतो! जित्या पोरीला कसला मांडतेस?"

"आली अचानक, तर हातानं खाईल का?"

गाडीतून उतरवल्यावर ओदार्काला दारूगोळ्याच्या कारखान्यासाठी वेगळं काढलं होतं. त्या गावावर बॉम्ब पडल्याची बातमी बटाटे काढताना आली. मेलानियानं ती मनाला शिवू दिली नव्हती. गेल्या वर्षीही तिनं लेकीचा चमचा मांडला होता आणि जेवण होताच पुसून ठेवला होता. मेलेल्यांचा रात्रभर तसाच ठेवतात.

एवढ्यात दारावर लाथ बसली. मालक आत आला, मागून बंदूकवाला शिपाई. खाणीवरचा एक पोलिश मजूर पळाला होता. शिपायानं गवताची अंथरुणं उपसली, आणि त्याची नजर टेबलावर गेली.

"बायका दोन, चमचे तीन? कुठे लपवलाय त्याला?"

आसरा देणाऱ्याला फाशी होती. बंदूक पारास्काच्या छातीला टेकली.

"आमची रीत आहे," मेलानिया मोडक्यातोडक्या जर्मनमध्ये म्हणाली. "मेलेल्या माणसासाठी मांडतो."

"कोण मेलंय?"

तिनं तिसऱ्या चमच्याकडे पाहिलं.

"बोल!"

"माझी मुलगी. ओदार्का. मेली."

"असतात यांची असली खुळं," मालक पुटपुटला. दोघं निघून गेले.

पारास्कानं दार लोटून घेतलं. "जीव वाचवलास बाई माझा. खोटं बोललीस, पण देव माफ करील हो."

मेलानियानं गव्हाचं भांडं पुढे ओढलं. दोघी जेवल्या. गहू कोमट झाले होते. पारास्का आवराआवर करू लागली, तिनं तिसऱ्या चमच्याला हात घातला.

"तो राहू दे," मेलानिया म्हणाली. "सकाळपर्यंत राहू दे."