कोर्टाबाहेरचं हसू

दिग्दर्शिकेनं जेवणाच्या टेबलावर लॅपटॉप उघडला, तशी मावशीनं तोंडातली कवळी काढून पाण्याच्या पेल्यात टाकली.

"आता माझं चित्रण करायचा मोहच नको तुम्हाला."

शेजारी बसलेल्या भाचीनं कपाळाला हात लावला. "मावशी, अगं पाहुण्यांसमोर काय हे!"

मोह होण्यासारखंच होतं म्हणा. बहिणीचा खून झाल्यावर कोर्टाबाहेर हसणारी बाई म्हणून ही मावशी एके काळी घराघरात पोहोचली होती. तेवढंसं हसू, पण वाहिन्यांनी ते महिनोन्‌महिने दळलं. पुढे खुनी दुसराच निघाला, त्याला शिक्षाही झाली; तरी बाजारात लोक हिच्याकडे बघून कुजबुजायचे ते कुजबुजतच राहिले. हिनं बहिणीची पोर पोटच्या पोरीसारखी वाढवली, पण त्या हसण्याबद्दल चकार शब्द काढला नाही. धन्य बाई!

दिग्दर्शिका त्याच प्रकरणावर माहितीपट करत होती. ज्याचं चित्रण त्याला आधी दाखवायचं आणि वाहिनीला नंतर, ही तिची रीत. त्यापायी तिची बरीच कामं हातची गेली होती. तेव्हाच्या, आता म्हाताऱ्या झालेल्या कॅमेरामनच्या माळ्यावरून तिनं त्या हसण्याची मूळ टेप शोधून काढली होती.

पडद्यावर तरुण मावशीनं गाल फुगवले, डोळे तिरळे केले आणि ती खदखदून हसली. वाहिनीनं यातला फक्त तिचा हसतानाचा चेहरा कापून दाखवला होता. इथं तिच्या गुडघ्याशी एक चिमुरडी होती, रडून रडून उचकी लागलेली. मावशीची माकडचेष्टा बघता बघता तीही हसायला लागली.

भाची पडद्याकडे बघतच राहिली. "ही मी?"

"बंद करा ते," मावशी म्हणाली. "हे दाखवायचं नाही."

"पण यानं तुमच्यावरचा डाग पुसला जाईल."

"तेव्हाच बोलले असते तर सगळे कॅमेरे हिच्यामागे लागले असते. चार वर्षांची होती हो! आता तरी कशाला?"

माहितीपटाचा जीवच त्यात होता. तरी दिग्दर्शिकेनं लॅपटॉप मिटला.

"नाही दाखवणार. आणि मग ते अर्धवट हसणंही नाही दाखवणार."

मावशीनं पहिल्यांदाच तिच्याकडे नीट पाहिलं.

भाचीनं मात्र हात पुढे करून लॅपटॉप पुन्हा उघडला. "मावशी, मी आता चार वर्षांची आहे का गं? दाखवा तुम्ही. माझा चेहरासुद्धा झाकू नका."

"अगं, लोक..."

"लोकांना कळू दे, तू कुणासाठी हसत होतीस."

मावशीनं डोळे पुसले, नाक पुसलं. दिग्दर्शिकेनं हळूच विचारलं, "मग कॅमेरा लावू?"

"थांबा जरा," मावशी म्हणाली आणि तिनं पेला पुढे ओढला. "दात बसवू द्या आधी."